टिळकनगरचा आवाज : ‘क्लास-सिख’ आणि दंगलीनंतरची तीस वर्षं



या मालिकेत आपण बहुतेक वेळा लढायांबद्दल, पलटणींबद्दल, सीमेवरच्या प्रसंगांबद्दल बोलतो. आजचा विषय ऐकून तुमच्यापैकी काही जण म्हणतील, कर्नलसाहेबांना निवृत्तीनंतर हे काय सुचलं? कारण आज मी एका रॅप अल्बमबद्दल बोलणार आहे. अल्बमचं नाव ‘क्लास-सिख’. गायक प्रभ दीप, दिल्लीच्या टिळकनगरचा एक शीख तरुण. त्याचा हा पहिला अल्बम ऑक्टोबर २०१७ मध्ये आला. ‘क्लासिक’ आणि ‘सिख’ या दोन शब्दांची गंमत त्या नावातच आहे.

रॅप हा माझा प्रांत नाही, हे आधीच कबूल करतो. मी तुकडीच्या बँडवर आणि आकाशवाणीच्या नाट्यसंगीतावर वाढलेला माणूस. पण हा अल्बम मी पुन्हा पुन्हा ऐकला, आणि तो इतिहास म्हणून ऐकला. का, ते सांगतो.

निवृत्तीनंतर मी दिल्लीत द्वारकेला राहतो. २०१८ च्या हिवाळ्यात माझा भाचा पुण्याहून नोकरीसाठी इकडे आला. एके दिवशी आम्ही मेट्रोनं राजीव चौकाला निघालो होतो. जनकपुरी मागे पडलं, ‘अगला स्टेशन तिलक नगर’ अशी घोषणा झाली, तसा त्यानं आपल्या इअरफोनचं एक टोक माझ्या कानात दिलं. म्हणाला, “मामा, हे ऐका. याच स्टेशनातला मुलगा आहे.” गाडीच्या आवाजात निम्मं समजलं, निम्मं नाही. पंजाबी मला येते, कारण नोकरीची बरीच वर्षं पंजाबी जवानांबरोबर गेली. पण ही पंजाबी लंगरमध्ये ऐकलेली पंजाबी नव्हती. ती दिल्लीच्या गल्लीतली, हिंदीत मिसळलेली, चिडलेली, थकलेली भाषा होती. एवढं मात्र लक्षात आलं, की हा मुलगा एका मोहल्ल्याचा अहवाल देतोय.

तर आधी तो मोहल्ला समजून घेऊ.

द्वारकेहून शहराकडे येताना मेट्रोची स्थानकं बघा. टिळकनगर, सुभाषनगर, टागोर गार्डन, रमेशनगर, मोतीनगर. स्वातंत्र्यलढ्याची हजेरी लागल्यासारखी ही नावं आहेत. याचं कारण १९४७ मध्ये आहे. फाळणीनंतर पश्चिम पंजाबातून आणि सरहद्द प्रांतातून लाखो माणसं दिल्लीत आली. १९५१ च्या जनगणनेत दिल्लीत सुमारे पाच लाख निर्वासित मोजले गेले. दहा वर्षांपूर्वी ज्या शहराची एकूण लोकसंख्या नऊ लाखांच्या आसपास होती, त्या शहरात ही भर पडली. आधी पुराना किल्ला, हुमायूनची कबर, किंग्जवे कॅम्प इथे तंबू लागले. मग शहराच्या पश्चिमेला शेतजमिनींवर निर्वासितांच्या वसाहती बांधल्या गेल्या आणि त्यांना नेत्यांची नावं दिली गेली. आपल्या लोकमान्यांचं नाव मिळालेल्या वसाहतीत रावळपिंडी, लायलपूर, मुलतान अशा गावांतून आलेली हिंदू आणि शीख कुटुंबं राहू लागली. ज्यांची शेती होती त्यांनी दुकानं काढली, ज्यांची दुकानं होती त्यांनी हातगाड्या लावल्या. पुढे हाच भाग दिल्लीतला एक गजबजलेला बाजार झाला. म्हणजे या वस्तीचा पायाच मुळी विस्थापनाचा.

आता येतो तो १९८४ चा भाग. यावर बोलताना मी शब्द जपून वापरणार आहे, कारण मी त्या वेळी गणवेशात होतो.

३१ ऑक्टोबर १९८४ च्या सकाळी पंतप्रधान इंदिरा गांधी यांची त्यांच्याच दोन शीख अंगरक्षकांनी हत्या केली. त्या संध्याकाळपासून दिल्लीत शिखांवर हल्ले सुरू झाले आणि १ नोव्हेंबरपासून ठरवून कत्तल झाली. त्रिलोकपुरी, मंगोलपुरी, सुलतानपुरी, नांगलोई, पालम वसाहत ही नावं तुम्ही ऐकली असतील. ३ नोव्हेंबरनंतर हिंसा ओसरली. सरकारनं नेमलेल्या आहुजा समितीनं १९८७ मध्ये एकट्या दिल्लीतल्या मृतांचा आकडा २,७३३ दिला. लष्कराला कधी बोलावलं, किती तुकड्या आल्या, त्यांना कुठे आणि कोणत्या आदेशानं लावलं, यावर चौकशी आयोगांपुढे साक्षी झाल्या. त्या नोंदी उपलब्ध आहेत, ज्यांना वाचायच्या आहेत त्यांनी जरूर वाचाव्यात.

या दंगलीत नवरे गमावलेल्या बायकांना आणि त्यांच्या मुलांना सरकारनं छोटे फ्लॅट दिले. त्यांतली मोठी वस्ती टिळकनगरला लागून असलेल्या टिळकविहारात आहे. अधिकृत नाव काहीही असो, दिल्लीत तिला आजही ‘विडो कॉलनी’ म्हणतात. १९४७ च्या निर्वासितांच्या शेजारी १९८४ चे निर्वासित येऊन राहिले. फरक एवढाच, की पहिल्या वेळी माणसं दुसऱ्या देशातून आली होती आणि दुसऱ्या वेळी त्याच शहराच्या दुसऱ्या टोकाकडून.

आता माझी गोष्ट. मी १९८३ मध्ये कमिशन घेतलं आणि तोफखान्याच्या एका रेजिमेंटबरोबर ईशान्येकडे होतो. आमच्या बॅटरीत एक शीख सुभेदार साहेब होते. नवीन सेकंड लेफ्टनंटला खरं काम शिकवतो तो सुभेदार. तोफेजवळ कुठे उभं राहायचं इथपासून जवानाला केव्हा रागवायचं आणि केव्हा नाही इथपर्यंत सगळं त्यांनी मला शिकवलं. पंजाबीही त्यांचीच देणगी. त्यांच्या बहिणीचं कुटुंब दिल्लीत होतं. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात आमच्याकडे बातम्या रेडिओवरून येत होत्या, त्याही अर्ध्यामुर्ध्या. सुभेदार साहेब रजेवर गेले आणि डिसेंबरमध्ये परतले. त्या दिवसांत गणवेशातल्या शीख जवानांनाही रेल्वेच्या डब्यांतून खेचून मारलं गेलं होतं, म्हणून ते सुखरूप परत आले यातच आम्हाला समाधान होतं. मी विचारलं, “साहब, घर में सब ठीक?” ते म्हणाले, “सब ठीक है, साब.”

फौजेत राहिलेल्यांना हे वाक्य ठाऊक असतं. रात्री पहाऱ्यावरचा संत्री हाच रिपोर्ट देतो. तो ऐकला की अधिकारी पुढच्या चौकीकडे जातो. मीही गेलो. वातावरणही तसंच होतं. जूनमध्ये अमृतसरच्या कारवाईनंतर काही ठिकाणी शीख जवानांनी बंड केलं होतं. त्यामुळे कोणी कोणाला काय विचारावं, याचा सगळ्यांनाच संकोच होता. बऱ्याच वर्षांनी, ते निवृत्त झाल्यावर, दुसऱ्या एका जेसीओकडून मला कळलं. त्यांच्या बहिणीचा नवरा त्या आठवड्यात मारला गेला होता. बहीण मुलांना घेऊन टिळकविहारात राहायला गेली होती.

म्हणून टिळकनगर हे नाव माझ्यासाठी नुसतं मेट्रोचं स्थानक नाही.

आता रॅपकडे येऊ. हे संगीत कुठून आलं, ते थोडक्यात सांगतो, कारण तेही एका मोडलेल्या वस्तीतूनच आलं.

न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागातून १९४८ ते १९७२ या काळात एक मोठा द्रुतगती मार्ग बांधला गेला. त्यासाठी हजारो कुटुंबांची घरं गेली. उरलेल्या वस्तीत पुढे घरं ओस पडली, आगी लागल्या, बेकारी वाढली. ११ ऑगस्ट १९७३ रोजी तिथल्याच सेजविक अव्हेन्यूवरच्या १५२० क्रमांकाच्या इमारतीत एका मुलीनं शाळेच्या कपड्यांसाठी पैसे जमवायला पार्टी ठेवली. तिचा भाऊ, जमैकाहून आलेला डीजे कूल हर्क, तिथे तबकड्या वाजवत होता. गाण्यातला फक्त तालाचा तुकडा दोन तबकड्यांवर आलटून पालटून वाजवून तो लांबवायची त्याची युक्ती होती. त्या तालावर लोक नाचू लागले, मग कोणी माइक घेऊन बोलू लागलं. हिप-हॉपची सुरुवात तिथून मोजतात. वाद्यं परवडत नव्हती, म्हणून वाजवलेल्या गाण्याचंच वाद्य केलं. गाता येत नव्हतं, म्हणून तालात बोललं. गरिबाची कला अशीच जन्मते, आणि आपल्या शाहिरांना हे वेगळं सांगायला नको.

भारतात रॅप आधी गंमत म्हणून आला. बाबा सहगलचा ‘ठंडा ठंडा पानी’ १९९२ चा. माझ्या वयाच्या लोकांना तो आठवत असेल, आमच्या मेसच्या पार्ट्यांत तो वाजायचा. पंजाबीत गंभीर रॅप आधी परदेशात झाला. कॅलिफोर्नियात राहणाऱ्या बोहेमियाचा पहिला अल्बम २००२ मध्ये आला आणि परक्या देशातल्या पंजाबी पोराचं जगणं त्यात होतं. पुढे दिल्लीतून हनी सिंग, बादशाह, रफ्तार आले आणि पंजाबी रॅप लग्नाच्या वरातीत, हिंदी सिनेमात पोचला. गाड्या, दारू, ब्रँड, पार्ट्या. लोकप्रिय होतं, पण त्यात दिल्लीची गल्ली नव्हती.

गल्ली आधी मुंबईतून आली. कुर्ल्याच्या नेझीनं २०१४ मध्ये ‘आफत’ काढलं. अंधेरीच्या डिव्हाइननं त्याच्याबरोबर २०१५ मध्ये ‘मेरे गली में’ केलं. यावरून पुढे २०१९ मध्ये ‘गली बॉय’ हा सिनेमा झाला, तो तुम्ही पाहिला असेल. पण एक गोष्ट बहुतेकांना माहीत नसते. ‘मेरे गली में’ची बीट ज्यानं बांधली तो सेझ ऑन द बीट, म्हणजे सजील कपूर, हा दिल्लीचा मुलगा. बीट म्हणजे रॅपच्या खाली चालणारा ताल आणि सुरावट, आपल्या भाषेत डफ, तुणतुणं आणि झीलकरी सगळं एकत्र. मुंबईच्या गल्लीला ताल देणारा हा दिल्लीकर आपल्या शहराकडे वळला, तेव्हा त्याला टिळकनगरचा प्रभ दीप भेटला.

तोवर दिल्लीत एक नवी पिढी तयार होत होती. बागेत, मेट्रो स्थानकाबाहेरच्या मोकळ्या जागेत पोरं गोल करून उभी राहायची आणि एकामागून एक आपलं कवन म्हणायची. याला ते सायफर म्हणतात. यातली अनेक पोरं आधी ब्रेकडान्स करत. प्रभ दीपही आधी नाचणारा. या पोरांना मोठ्या कंपन्या दारात उभं करत नव्हत्या. २०१७ मध्ये मो जोशी आणि उदय कपूर या दोघांनी दिल्लीत आझादी रेकॉर्ड्स नावाची छोटी कंपनी सुरू केली आणि ‘क्लास-सिख’ हा तिचा पहिला मोठा अल्बम ठरला. सगळी बांधणी सेझची. टीव्हीवर जाहिरात नाही, सिनेमा नाही. इंटरनेटवर आला आणि कानोकानी पसरला. त्या वर्षीच्या उत्तम भारतीय अल्बमांमध्ये समीक्षकांनी त्याचं नाव घेतलं.

आता या अल्बममध्ये आहे काय?

मी त्यातली ओळ म्हणून दाखवणार नाही, तुम्ही स्वतः ऐका. आशय सांगतो. एक मुलगा आपल्या गल्लीबद्दल बोलतो. इथे नशा आहे, ती कोण विकतं आणि कोण घेतं हे सगळ्यांना माहीत आहे. वर्गात शेजारी बसणारे मित्र त्यात गेले, काही मारामाऱ्यांत गेले. घरात पैशाची ओढाताण आहे. आई-वडिलांना मुलानं नोकरी करावी असं वाटतं आणि त्यांचं चूक नाही. डोक्यावर पगडी आहे आणि ती पाहून लोक त्याच्याबद्दल आधीच काहीतरी ठरवून मोकळे होतात. एक तर विनोदातला सरदारजी, नाहीतर वरातीतला. तिसरा माणूस असू शकतो, हे हा अल्बम ठासून सांगतो. आवाजात बढाई कमी आणि हिशेब जास्त. सेझची बीटही तशीच, जड, काळोखी, नाचायला फारशी उपयोगाची नाही. रात्री वीज गेलेल्या गल्लीतून चालल्यासारखं वाटतं.

इथे इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला थांबावंसं वाटतं. १९८४ ची तारीखवार हकीकत सांगणं हे या अल्बमचं काम नाही. प्रभ दीप त्या घटनेनंतर बऱ्याच वर्षांनी जन्मला. १९८४ ची कथा आपल्याला चौकशी आयोगांच्या कागदांत मिळते. मिश्रा आयोग १९८५ मध्ये नेमला गेला, नानावटी आयोग २००० मध्ये. ऑगस्ट २००५ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग यांनी संसदेत माफी मागितली. डिसेंबर २०१८ मध्ये, म्हणजे चौतीस वर्षांनी, दिल्ली उच्च न्यायालयानं माजी खासदार सज्जन कुमार यांना जन्मठेप दिली. हा झाला घटनेचा इतिहास. पण दंगल संपली, फ्लॅट मिळाले, भरपाई मिळाली, त्यानंतर त्या वस्तीत काय झालं? बाप नसलेली मुलं कशी मोठी झाली? आई सरकारी खात्यात चतुर्थ श्रेणीच्या कामावर गेली, तेव्हा मुलं दिवसभर कुठे होती? टिळकविहारातल्या त्या पिढीतल्या अनेक मुलांची शाळा सुटली, अनेक नशेत गेली, हे वर्तमानपत्रांनी वेळोवेळी लिहिलं. पण बातमी दरवर्षी १ नोव्हेंबरच्या आसपास येते आणि आठवड्यात विरते. २,७३३ या आकड्यात ती मुलं नाहीत. कारण ती दंगलीत मेली नाहीत, दंगलीनंतर हळूहळू संपली.

टिळकनगरच्या नशेचं एकमेव कारण १९८४ आहे, असं मी म्हणत नाही. पंजाबातून येणारा माल, बेकारी, भर वस्तीतली गर्दी, पोलिसांची डोळेझाक, अशी कारणं अनेक असतात. पण ज्या वस्तीत दोनदा विस्थापित झालेली माणसं एकमेकांना खेटून राहतात, तिथलं पोर वीस-बावीस वर्षांचं झाल्यावर माइकपुढे काय बोलतं, हा ऐतिहासिक पुरावा आहे. आणि तो आयोगाच्या कागदात नसतो.

यावर कोणी म्हणेल, गाण्याला पुरावा कसा मानायचा? प्रश्न बरोबर आहे. आणि याचं उत्तर मराठी माणसाकडेच आहे. अफझलखानाच्या वधावर अज्ञानदासानं रचलेला पोवाडा सतराव्या शतकातला. १८९१ मध्ये अ‍ॅकवर्थ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी गावोगावच्या शाहिरांकडून पोवाडे गोळा करून छापले. इतिहासकारांनी ते वापरले, पण डोळे मिटून नाही. शाहीर तारीख चुकवतो, सैन्याचा आकडा फुगवतो, आपल्या धन्याला मोठं करतो. पण खान येतो आहे म्हटल्यावर रयतेला काय वाटत होतं, हे बखरीपेक्षा पोवाड्यात जास्त सापडतं. रॅपलाही तोच नियम लावा. तपशिलासाठी कागद तपासा, मनःस्थितीसाठी गाणं ऐका.

शिखांकडेही हीच परंपरा आहे. सहावे गुरू, गुरू हरगोबिंद, यांच्या काळापासून ढाडी वीरगाथा गातात. नत्था आणि अब्दुल्ला हे त्यांचे दोन प्रसिद्ध ढाडी, एक ढड्ड वाजवणारा आणि एक सारंगी. ढड्ड म्हणजे हातात मावेल एवढी, डमरूच्या आकाराची छोटी ढोलकी. त्या काव्याला ‘वार’ म्हणतात. आमच्याकडे गुरुपर्वाला युनिटच्या गुरुद्वारात ढाडी जथा यायचा. सुभेदार साहेब मला शेजारी बसवून अर्थ सांगायचे. उभं राहून, छाती काढून, तालावर शब्द फेकत जाणारी ती पद्धत मी पाहिली आहे, म्हणून प्रभ दीपचा आवाज मला एकदम परका वाटला नाही. फरक हा, की ढाडी शहिदांची गाथा गातो आणि हा मुलगा ज्यांना कोणी शहीद म्हणणार नाही त्यांची. नशेच्या अतिमात्रेनं गेलेल्या मुलासाठी कोणी ढड्ड वाजवत नाही.

आणखी एक तारीख सांगतो. जानेवारी २०१७ मध्ये गुरुद्वारा रकाबगंज साहिबच्या आवारात १९८४ च्या मृतांचं स्मारक खुलं झालं. त्याला ‘सच की दीवार’ म्हणतात, भिंतीवर नावं कोरली आहेत. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये हा अल्बम आला. एकाच वर्षात एकाच शहरात दोन स्मारकं झाली, असं मी मानतो. एक दगडाचं, मेलेल्यांच्या नावांचं. दुसरं आवाजाचं, मागे उरलेल्यांच्या मुलांच्या पिढीचं. दोन्हींची गरज आहे.

या अल्बमनंतर वाट रुंद झाली. दिल्लीच्याच ‘सीधे मौत’ या जोडीचा पहिला अल्बम ‘बयान’ २०१८ मध्ये आला, पुन्हा सेझची बीट आणि आझादी रेकॉर्ड्स. २०१९ च्या जुलैमध्ये श्रीनगरच्या अहमरचा पहिला अल्बम त्याच कंपनीकडून, त्याच संगीतकाराकडून आला, काश्मिरी आणि उर्दूत. मी काश्मिरात नोकरी केली आहे. त्या मुलाचं म्हणणं मला सगळं पटतं असं नाही, काही ठिकाणी तर ते मला बोचतं. पण मी ते बंद केलं नाही. आपल्या बंदोबस्ताच्या पलीकडे उभ्या असलेल्या पोराच्या घरात रात्री काय बोललं जातं, ते सैनिकानं निदान निवृत्तीनंतर तरी ऐकावं. मुंबईत ‘स्वदेसी’ या गटानं २०१९ मध्येच आरेच्या जंगलावर आणि वारली आदिवासींवर गाणं केलं, त्यात मराठीही आहे आणि प्रकाश भोईर या आदिवासी कार्यकर्त्याचा आवाजही. प्रत्येक प्रदेश आपापल्या बोलीत आपापला अहवाल देऊ लागला आहे. प्रभ दीप स्वतः पुढे गेला. २०२१ च्या ‘तबिया’मध्ये तो वेगळ्या, शांत वाटेवर आहे आणि संगीतही त्याचं स्वतःचं आहे.

आता आक्षेपांबद्दल. या गाण्यांत शिव्या आहेत. नशेचं वर्णन आहे. माझ्या वयाच्या श्रोत्याला ते खटकेल, मलाही खटकलं. पण खरं सांगू? फौजेत इतकी वर्षं काढलेल्या माणसानं शिव्यांचं नाक मुरडावं, हे काही बरं दिसत नाही. मी स्वतःला एवढंच विचारलं, की हा मुलगा नशा विकतोय की नशेचा पंचनामा करतोय? मला दुसरं वाटलं. तुमचं मत वेगळं असू शकतं.

आणि एक गोष्ट मला सैनिक म्हणून सांगायची आहे. दंगलीत लष्कराला बोलावलं की आम्ही फ्लॅग मार्च काढतो, संचारबंदी बसवतो, परिस्थिती निवळते, आम्ही बराकीत परत जातो आणि अहवाल लिहितो. अहवालाचं शेवटचं वाक्य साधारण एकच असतं, परिस्थिती सामान्य आहे. मीही नंतरच्या नोकरीत असे अहवाल लिहिले आहेत. ते खोटे नव्हते. रस्त्यावर खरोखरच शांतता होती. पण घरातली परिस्थिती सामान्य आहे की नाही, हे विचारायला आमच्या फॉर्मात रकानाच नव्हता. ‘क्लास-सिख’ ऐकताना मला वाटलं, तो रकाना तीस-बत्तीस वर्षांनी कोणीतरी भरला.

गेल्या वर्षी मी एकदा टिळकनगरला मेट्रोतून उतरलो. इतकी वर्षं त्या स्थानकावरून पुढे जात होतो, त्या दिवशी उतरलो. बाजारातून विचारत विचारत टिळकविहारात गेलो. तिथल्या गुरुद्वारात एक खोली आहे, भिंतींवर १९८४ मध्ये मारल्या गेलेल्यांचे फोटो आहेत. बहुतेक पासपोर्ट आकाराचे, मोठे करून लावलेले, काही लग्नातले. सेवादारानं विचारलं, “किन्हां नूं लभदे हो जी?” कोणाला शोधताय?

सुभेदार साहेब आता हयात नाहीत. त्यांच्या मेहुण्यांचा फोटो त्या भिंतीवर असेल, नसेलही. मला सांगता आलं नाही. कारण त्यांचं नाव मला माहीत नव्हतं. १९८४ च्या डिसेंबरमध्ये “सब ठीक है, साब” ऐकून मी पुढच्या चौकीकडे गेलो होतो, आणि नंतरही कधी विचारलं नव्हतं.

बाहेर आलो तर गल्लीत संध्याकाळ होत होती. कट्ट्यावर चार-पाच पोरं बसली होती, एकाच्या मोबाइलवर काहीतरी ठेका वाजत होता आणि दुसरा त्यावर अडखळत शब्द बसवत होता. मी थोडा वेळ थांबलो. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, “चालू द्या, ऐकतोय.” मराठीतच निघालं तोंडातून. पोरं हसली, पण त्यानं थांबवलं नाही.

मंडळी, तुमच्या शहरातही असं एखादं टिळकनगर असेल. तिथलं कोणी काही बोलत असेल, तर भाषा आवडली नाही तरी एकदा ऐका. आणि जवळच्या माणसानं “सब ठीक है” म्हटलं, तर आणखी एक प्रश्न विचारा.

पुढच्या भागात भेटू. जय हिंद.